विज्ञानकथेतलं इंद्रियबदल यंत्र : आधी तक्ता, मग कथा

"तिने यंत्र डोक्यावर चढवलं आणि तिला संगीत दिसू लागलं."

हे वाक्य, थोड्याफार फरकाने, माझ्याकडे वाचायला येणाऱ्या विज्ञानकथांमध्ये इतक्या वेळा आलंय की ते दिसलं की मी पेन्सिल खाली ठेवते. दिसू लागलं म्हणजे नेमकं काय दिसलं? ढोल आणि बासरी वेगवेगळी दिसली की सगळ्याचं मिळून एकच धुकं? आवाज चढला तेव्हा रंग गडद झाला की आकार मोठा झाला? आणि जे दिसतंय ते संगीत आहे हे तिला पहिल्याच क्षणी कसं कळलं? लेखकाला विचारलं तर उत्तर येतं, "ते वाचकाच्या कल्पनेवर सोडलंय." सोडलेलं नसतं हो, ठरवलेलंच नसतं.

एका इंद्रियाची माहिती दुसऱ्या इंद्रियाकडे वळवणारं काल्पनिक यंत्र कथेत आणायचं असेल, तर काय काय ठरवायचं आणि कोणत्या क्रमाने, एवढंच इथे सांगते. क्रमावर माझा जोर आहे. बहुतेक मसुदे शेवटच्या कामापासून, म्हणजे सुंदर वाक्यांपासून सुरू होतात. मग त्या वाक्यांना साजेसं यंत्र मागाहून जोडता जोडता लेखकही थकतो आणि कथाही.

## तयारी : एक पिन, एक फोन, एक कोरा कागद

यंत्र काल्पनिक असलं तरी ते ज्या शरीरावर बसणार आहे ते खरं आहे. त्यामुळे पहिली संध्याकाळ शरीराला द्या.

केसांची पिन घ्या आणि तिची दोन टोकं साधारण एक सेंटिमीटर अंतरावर येतील इतकी फाकवा. डोळे मिटून दोन्ही टोकं एकाच वेळी बोटाच्या अग्रावर टेकवा. दोन टोकं स्पष्ट कळतील. आता तीच पिन कोणाला तरी तुमच्या पाठीवर टेकवायला सांगा. एकच टोक लागल्यासारखं वाटेल. अंतर वाढवत न्या. बोटाच्या अग्राला दोन-तीन मिलिमीटरवरची दोन टोकं वेगळी कळतात, पाठीला आणि हाताच्या पुढच्या भागाला त्यासाठी जवळजवळ चार सेंटिमीटर लागतात. हा आकडा कागदावर लिहून ठेवा. पाठीवर किंवा हातावर "हजारो सूक्ष्म कंपकांनी" चेहऱ्यातला बारीकसारीक तपशील रेखाटणारं यंत्र तुम्ही लिहिणार असाल तर ते इथेच संपलं.

मग फोन व्हायब्रेटवर ठेवून मनगटाला बांधा आणि एखादा सतत थरथरणारा अलार्म लावा. थोडा वेळ गेला की थरथर पहिल्याइतकी जाणवत नाही. अंगठीचा स्पर्श आपल्याला दिवसभर जाणवत नाही, त्यातलाच हा प्रकार. त्वचा बदल टिपते आणि स्थिर गोष्टीकडे दुर्लक्ष करते.

अजून दोन आकडे हाताशी असू द्या. निरोगी तरुण कानाला साधारण 20 ते 20,000 हर्ट्झपर्यंत ऐकू येतं. त्वचेला कंपन सगळ्यात चांगलं कळतं ते 250 हर्ट्झच्या आसपास, आणि 1,000 हर्ट्झच्या वर तिला जवळपास काही कळत नाही. म्हणजे बासरीचा वरचा सूर जशाच्या तसा त्वचेवर सोडला तर पोहोचणारच नाही. तो आधी कशात तरी बदलावा लागेल.

सावधान : डोळ्यांवर पट्टी बांधून तासभर घरात वावरायचं आणि "आता मला अंधत्व कळलं" म्हणत लिहायला बसायचं, हे करू नका. त्या तासात तुम्हाला कळते ती नुकतीच नजर गेलेल्या माणसाची तारांबळ. वर्षानुवर्षं न बघता जगणाऱ्याचं कौशल्य त्यात नसतं. कथेतलं पात्र बहुधा दुसऱ्या प्रकारचं असतं.

## टप्पा 1 : कुठून कुठे, आणि कशासाठी

कागदाच्या डोक्यावर एक ओळ लिहा : कोणत्या इंद्रियाची माहिती, कोणत्या इंद्रियाला, कोणत्या कामासाठी. तिसरा भाग सगळे विसरतात. "ध्वनी ते दृष्टी" एवढ्याने भागत नाही. "पाठीमागून येणारी वाहनं कळावीत म्हणून ध्वनी ते स्पर्श" असं लिहिलं की लगेच पुढचे निम्मे निर्णय सुटतात : सूर नको, दिशा हवी, वेग हवा.

याच ठिकाणी तीन गोष्टींची गल्लत होते. काही माणसांना एखादं अक्षर किंवा सूर आपोआप विशिष्ट रंगात जाणवतो. ही जन्मजात ठेवण असते, ती बंद करता येत नाही आणि तिच्यातून बाहेरच्या जगाबद्दल नवं काही कळत नाही. दुसरी गोष्ट, धूर झाला की हात थरथरवणारा इशारा. तो उपयोगी आहे, पण ती घंटा झाली. तिसरी म्हणजे आपलं यंत्र : नवी माहिती सतत आणते, आणि ती वाचायला शिकावं लागतं. पहिलीचं वर्णन आणि तिसरीचं नाव, अशी खिचडी मसुद्यांत नेहमी दिसते.

पुढे सगळीकडे एकच उदाहरण घेते, माझ्याच एका कथेतलं. नायिकेची वासाची जाणीव आजारपणात गेली आहे. यंत्र वासाचं रूपांतर स्पर्शात करतं. काम : घरात काय चाललंय ते तिला पुन्हा कळावं. मी मुद्दाम वास निवडला, कारण तो सगळ्यात अवघड आहे. रंगासाठी डोळ्यात तीन प्रकारच्या शंकुपेशी असतात, वासासाठी नाकात सुमारे 400 प्रकारचे ग्राहक, म्हणजे वास टिपणारे रेणू. सूर खालून वर एका रेषेत मांडता येतात. वासांना तशी रेषाच नाही. जाई आणि जळलेलं रबर यांच्या मधोमध काय येतं?

तपासा : पात्राला हे यंत्र खरंच हवं आहे का? जन्मापासून बहिऱ्या आणि खुणांच्या भाषेत मोठ्या झालेल्या माणसाला भाषा आधीच असते. ऐकू येणाऱ्या लेखकाला वाटणारी उणीव त्याच्या माथी मारली की कथेचा पायाच खोटा होतो.

## टप्पा 2 : तक्ता

हे या लेखातलं मुख्य काम. इथे घाई करू नका, आणि हा तक्ता होईपर्यंत कथेचा एकही प्रसंग लिहू नका.

तक्ता म्हणजे डावीकडे येणारी माहिती, उजवीकडे जाणवणारी गोष्ट. नियम इतके साधे हवेत की परक्या माणसाने तो कागद वाचून एखादी वस्तू यंत्रातून कशी जाणवेल ते सांगावं. प्रत्यक्षातलं एक उदाहरण बघा. पीटर मायर या डच अभियंत्याने 1992 मध्ये चित्राचं आवाजात रूपांतर करण्याची एक पद्धत प्रसिद्ध केली. तिचे नियम तीन. चित्र डावीकडून उजवीकडे साधारण एका सेकंदात वाचलं जातं. जितकं वर, तितका सूर उंच. जितकं उजळ, तितका आवाज मोठा.

बस, एवढंच. आता काळ्या पार्श्वभूमीवर डाव्या तळापासून उजव्या टोकापर्यंत चढत जाणारी पांढरी तिरकी रेघ घ्या. ऐकू काय येईल? सेकंदभर खालून वर चढत जाणारी शीळ. आडवी रेघ? एकच सूर, सेकंदभर स्थिर. उभा खांब? सगळे सूर एकदम, अगदी क्षणभर, "खट्" असे. तो "खट्" सेकंदाच्या सुरुवातीला आला तर खांब डावीकडे, शेवटी आला तर उजवीकडे. जिना कसा ऐकू येईल ते तुम्हीच सांगाल आता. तीन ओळींच्या तक्त्यातून एवढं निघतं. हीच ताकद "तिला आवाजात आकार जाणवले" या वाक्यात शोधून सापडत नाही.

दुसरं उदाहरण स्पर्शाचं. 1957 मध्ये फ्रँक गेल्डार्ड या मानसशास्त्रज्ञाने छातीवर पाच कंपक लावून एक लिपी मांडली. पाच जागा, कंपनाच्या तीन तीव्रता, तीन कालावधी : पाच गुणिले तीन गुणिले तीन, म्हणजे 45 खुणा. अक्षरं, अंक आणि काही छोटे शब्द त्यात बसले. एक शिकाऊ माणूस मिनिटाला 38 शब्दांपर्यंत पोहोचला. तीव्रतेच्या पायऱ्या तीनच का, दहा का नाहीत? कारण ताडून बघायला शेजारी दुसरं कंपन नसताना माणसाला "ही सहावी की सातवी" हे सांगता येत नाही.

आता माझा तक्ता. पहिल्या मसुद्यात मी नायिकेला कमरेचा पट्टा दिला होता, त्यावर गोलाकार आठ कंपक, आठ प्रकारच्या सेन्सरना जोडलेले. मला तो फार आवडला होता. मैत्रिणीने वाचला आणि विचारलं, "डाव्या बाजूला थरथरलं म्हणजे वास डावीकडून येतोय का?" मी म्हटलं, नाही, डावीकडे म्हणजे धुराचा प्रकार. ती म्हणाली, "मग तिला रोज चुकल्यासारखं होणार." बरोबरच होतं तिचं. कमरेभोवतीची जागा शरीराला आपसूक दिशा वाटते. तक्त्यात तिला दुसरा अर्थ दिला की पात्र जन्मभर अडखळणार.

म्हणून पट्टा गेला आणि बाही आली. मनगट ते कोपर साधारण 25 सेंटिमीटर. वर चार कंपक, आतल्या अंगाला चार. सलग कंपकांत सहा-सात सेंटिमीटर, म्हणजे पिनच्या आकड्यापेक्षा जास्त. प्रत्येक कंपकाला एक सेन्सर, तीव्रतेच्या तीन पायऱ्या. नाव गंधबाही.

सावधान : गुणाकाराच्या नादी लागू नका. आठ कंपक, प्रत्येकाच्या बंद धरून चार अवस्था, म्हणजे कागदावर 65,536 नमुने होतात. लेखकाला वाटतं, हजारो वास ओळखता येतील! पण एकाच वेळी पाच ठिकाणी थरथरलं की त्वचेला ते एकजिनसी लागतं. माझ्या नायिकेला मी कथेअखेर वीस-बावीस वास दिलेत, आणि तेही मला जरा सढळ वाटतात.

## टप्पा 3 : काय गळलं ते लिहून काढा

प्रत्येक रूपांतरात काहीतरी गळतं. तक्त्याच्या मागच्या बाजूला गळालेल्या गोष्टींची यादी करा. कथानक बहुतेक वेळा तिथेच सापडतं.

गंधबाहीच्या यादीत पहिलंच होतं : वास आवडणं-नावडणं गळलं. नाकाला दुर्गंध झोंबतो, माणूस आपोआप मागे सरतो. हातावरची थरथर कुणाला झोंबत नाही. नायिकेला नासकं आणि ताजं यांतला फरक कळतो, पण किळस येत नाही. माझ्या कथेतला सर्वांत चांगला प्रसंग यातून आला. ती शांतपणे एक कुजलेली पिशवी हातात धरून उभी आहे, आणि घरातले सगळे तिच्याकडे बघतायत.

दुसरं : साधे सेन्सर काटेकोर नसतात. स्वयंपाकाच्या गॅसला प्रतिसाद देणारे स्वस्त सेन्सर अल्कोहोलच्या वाफेलाही प्रतिसाद देतात. म्हणजे हाताला लावायचं सॅनिटायझर आणि गॅसगळती यांचा नमुना बाहीवर जवळपास सारखाच. मग फरक कशाने कळणार? काळाने. सॅनिटायझरची वाफ चढते आणि थोड्या वेळात उतरते, गळती चढतच जाते. तेव्हा तिला खात्री करायची तर थांबावं लागतं. हात पुढे करून, श्वास रोखून, अर्धा मिनिट. गरज नसतानाही श्वास रोखणं ही जुनी सवय. हा अर्धा मिनिट मला फुकटात मिळाला, कारण यादी केली होती.

## टप्पा 4 : यंत्र शरीरावर कुठे बसतं

हा टप्पा छोटा आहे, पण संवाद लिहायच्या आधी करा. जिभेवर सौम्य विजेच्या टोचणीने चित्र उमटवणारी उपकरणं प्रत्यक्षात आहेत. त्यातल्या ब्रेनपोर्ट नावाच्या उपकरणाला अमेरिकेच्या एफडीएने, म्हणजे औषधं आणि वैद्यकीय उपकरणं तपासणाऱ्या सरकारी संस्थेने, 2015 मध्ये परवानगी दिली. जागा उत्तम : जीभ ओली असते, स्पर्शाला तल्लख असते. पण तोंडात पट्टी असताना बोलता येत नाही! एका मसुद्यात नायक जिभेवरच्या यंत्राने शत्रूचा चेहरा निरखत निरखत त्याच्याशी दीड पान वाद घालत होता.

कानात यंत्र असेल तर खोलीतलं बोलणं कमी ऐकू येईल. हातावर असेल तर थंडीत जाड बाहीखाली दबेल, कपडे बदलताना निघेल. पाठीवर असेल तर टेकून बसणं अवघड. शिवाय बॅटरी कुठे आहे, ती तापते का, झोपताना काढतात का. सगळं कथेत सांगू नका, पण तुम्हाला ठाऊक हवं.

तपासा : पात्र यंत्र चालू असताना जेवतं, बोलतं, धावतं, रडतं का? यातलं काय अडतं?

## टप्पा 5 : शिकण्याचा काळ

सगळ्यात जास्त चुका इथे. "काही दिवसांच्या सरावानंतर तिला सर्व काही स्पष्ट जाणवू लागलं" या एका वाक्यात लेखक कथेचा गाभा फेकून देतो. शिकणं टप्प्याटप्प्याने येतं. क्रम साधारण असा ठेवा.

पहिल्यांदा नुसता गोंगाट असतो. बाही थरथरतेय, का ते माहीत नाही, काढून फेकावीशी वाटतेय. मग नमुना ओळखू येतो, पण तो कोड्यासारखा सोडवावा लागतो : वरचा दुसरा जोरात, आतला चौथा हलका, म्हणजे... साबण. इथे पात्र हळू असतं, दमतं, इतर आवाज झाले की चुकतं. त्यानंतर कधीतरी सोडवणं गळून पडतं आणि हातावर थेट साबण येतो. शेवटची पायरी, जी सगळ्यांना येत नाही, ती म्हणजे जाणीव त्वचेवरून उठून बाहेर जाते. साबण हातावर नसतो, मोरीत असतो.

ही शेवटची पायरी मनची नाही. मेंदूसंशोधक पॉल बाख-इ-रिटा यांनी 1969 मध्ये एका खुर्चीच्या पाठीत 400 कंपक, 20 गुणिले 20 असे बसवून कॅमेऱ्याचं चित्र अंध माणसांच्या पाठीवर उमटवलं. सराव झाल्यावर त्यांना वस्तू पाठीवर न वाटता समोर आहेत असं वाटू लागलं. एकदा नकळत कॅमेऱ्याची झूम फिरवली गेली, पाठीवरचं चित्र एकदम मोठं झालं, तेव्हा वापरणारा माणूस हात वर करून मागे सरला. नीट बघा : कंपन पाठीमागे होतं आणि तो मागेच सरला. कारण त्याच्या लेखी वस्तू समोरून अंगावर येत होती.

पण याला एक अट होती, आणि ती लेखकाने कधी मोडू नये. कॅमेरा वापरणाऱ्याने स्वतः हलवला, तेव्हाच हे घडलं. दुसऱ्याने हलवला तर पाठीवर नुसत्या गुदगुल्या उरल्या. तेव्हा पात्राला खुर्चीत बांधून यंत्र शिकवू नका. तिला उठू द्या, वाकू द्या, वस्तूजवळ नेऊन हात मागे घेऊ द्या. माझ्या नायिकेचं शिकणं ज्या प्रसंगात सुरू होतं, त्यात ती एकच उघडी बाटली घेऊन बाही जवळ-लांब, जवळ-लांब करत बसते. आधीच्या तीन पानांत डॉक्टर तिला वास "दाखवत" होते. ती पानं मी काढून टाकली.

सावधान : जुन्या इंद्रियातली ओळख नव्या वाटेवर आपोआप चालत येत नाही. मेंदूसंशोधक पवन सिन्हा यांच्या प्रकाश प्रकल्पात जन्मापासून न दिसणाऱ्या पाच मुलांना शस्त्रक्रियेनंतर दिसू लागल्यावर एक साधी चाचणी दिली. हाताने चाचपलेली वस्तू आता बघून ओळखायची. सुरुवातीला त्यांचे निकाल अंदाजपंचेच्या जवळपास होते, पुढे थोड्या दिवसांतच सुधारले. 2011 मध्ये हे प्रसिद्ध झालं. "हात लावून ओळखीचा झालेला आईचा चेहरा तिने पहिल्याच नजरेत ओळखला" हे वाक्य तेव्हापासून माझ्या लाल शाईच्या यादीत आहे.

## टप्पा 6 : यंत्र कुठे खोटं बोलतं

बिघाड म्हणजे ठिणग्या आणि काळा पडदा नव्हे. चांगला बिघाड तक्त्यातून येतो. त्याचे दोन प्रकार मी वेगळे ठेवते.

एक, शरीराचा खोटेपणा. मनगटाजवळ काही टिचक्या आणि लगोलग कोपराजवळ काही टिचक्या दिल्या तर मधल्या, स्पर्शच न झालेल्या त्वचेवरूनही काहीतरी टुणटुण उड्या मारत गेल्यासारखं वाटतं. गेल्डार्ड आणि शेरिक यांनी 1972 मध्ये याला त्वचेवरचा ससा म्हटलं. कंपकांची रांग असलेल्या कोणत्याही यंत्रात हा ससा लपलेला आहे. दोन वास झपाट्याने आले की नायिकेला मधला एक तिसराच वास लागू शकतो, जो खोलीत नाहीच.

दोन, सेन्सरचा खोटेपणा. गंधबाहीत वापरलेत तसे सेन्सर दमट हवेत वेगळे आकडे देतात, कालांतराने सरकतात, आणि तीव्र वासानंतर मूळ पदावर यायला वेळ घेतात. हा प्रकार कोरडा वाटतो. वाटू द्या, पुढच्या टप्प्यात त्याचं काम आहे.

## टप्पा 7 : आता वाक्यं

तक्ता, गळती, जागा, शिकणं, खोटेपणा, एवढं झाल्यावरच लिहायला बसा. माझ्या जुन्या मसुद्यातला एक उतारा देते :

*"तिने गंधबाही चढवली. पहिल्या पावसाचा मृद्गंध तिच्या हातावर उमलला आणि तिचे डोळे भरून आले."*

इथे काय चुकलंय? "उमलला" हे काहीच सांगत नाही. पहिल्याच दिवशी ओळख पटली, हा टप्पा 5 चा भंग. आणि सगळ्यात मोठी चूक : मृद्गंधाला कारणीभूत असलेला जिऑस्मिन नावाचा पदार्थ माणसाचं नाक अब्जांशाहूनही कमी प्रमाणात ओळखतं, गंधबाहीचे साधे सेन्सर त्याच्या जवळपासही पोहोचणार नाहीत. म्हणजे ज्या वासावर मी प्रसंग उभा केला होता, तो यंत्राला येतच नाही.

मी दोन दिवस नाराज होते. मग तक्त्याच्या मागची बाजू पुन्हा वाचली. दमट हवा! पाऊस आला की आर्द्रता एकदम चढते आणि आठही सेन्सर चुकतात. प्रसंग असा झाला :

*"चार वाजता आठही कंपक एकदम घरघरले. मंद, एकसारखे, कुठेही जास्त नाही, कुठेही कमी नाही. असा वास तिला माहीत नव्हता. तिने बाही हवेत फिरवली, जवळ-लांब केली. काही बदललं नाही. दोष असेल म्हणून ती चार्जर आणायला उठली आणि खिडकीशी थांबली. बाहेर अंगण काळं पडायला लागलं होतं. पुढच्या वेळी तिने खिडकीकडे पाहिलं नाही. दोरीवरचे कपडे काढायला गेली."*

या उताऱ्यातून चार गोष्टी उचला. "कुठे, किती, किती वेळ" हे आधी येतं, नाव नंतर. जाणीव तिच्या हालचालीने तपासली जाते. अर्थ तिसऱ्याच वाटेने, खिडकीतून, कळतो. आणि शिकलेपण विशेषणाऐवजी कृतीत दिसतं. डोळे भरून आलेत असं कुठे लिहावं लागलं नाही.

शब्दांबद्दल एक सूचना. मराठीत वास "येतो", "सुटतो", "मारतो", "लागतो". स्पर्शासाठी "झोंबणं, टोचणं, सरसरणं, घरघरणं, बधिर होणं" आहे. सुरुवातीला पात्राला स्पर्शाचीच क्रियापदं द्या. शिकणं जसजसं पुढे जाईल तसतशी वासाची क्रियापदं आत येऊ द्या. "आतला चौथा थरथरला" पासून "धूर आला" पर्यंतचा प्रवास नुसत्या क्रियापदांनी होतो, स्पष्टीकरण लागत नाही. उलटसुलट मिसळलीत तर मात्र वाचक गोंधळतो.

तपासा : मसुद्यात "जणू", "अनोखं", "अवर्णनीय" शोधा. जिथे सापडेल तिथे तक्त्यातली एखादी ओळ वापरायची राहिली आहे.

## टप्पा 8 : यंत्र काढल्यावर

बहुतेक कथा यंत्र चढवल्यावर संपतात. निदान एकदा ते काढून बघा. उत्तर दिशेच्या बाजूचा कंपक सतत थरथरवणारा कमरपट्टा काही स्वयंसेवकांना सहा आठवडे घालायला देण्याचा प्रयोग जर्मनीत झाला होता. 2005 मध्ये तो प्रसिद्ध झाला. काहींना तो निव्वळ थरथरणारा पट्टाच वाटला, काहींची जागेची जाण बदलली. दोन्ही निकाल लक्षात ठेवा. तुमच्या कथेत यंत्र सगळ्यांना सारखं लागू पडत असेल तर ते खोटं वाटेल.

आणि मेंदूने वाट बदलली असेल तर ती कथेत महागही पडू शकते. जन्मापासून अंध आणि ब्रेलमध्ये तरबेज असलेल्या एका स्त्रीच्या मेंदूच्या मागच्या, एरवी दृष्टीचं काम करणाऱ्या भागाला पक्षाघाताने इजा झाली. 2000 मध्ये ही नोंद प्रसिद्ध झाली. बोटांना ठिपके लागत होते, पण ब्रेल वाचता येईना.

शेवटची तपासणी : एखाद्या मित्राला तक्त्याचा कागद द्या, आणि मसुद्यातला एक प्रसंग वस्तूचं नाव खोडून द्या. नुसत्या जाणिवेच्या वर्णनावरून समोर काय आहे हे त्याला ओळखता आलं, तर मसुदा पुढे पाठवा. नाही आलं, तर प्रसंगाला हात लावू नका, टप्पा 2 कडे परत जा.